दिवस भरल्यावर



‘बाबा, मी एकटी जाईन ना!’ कॉलेजला जाणारी लेक असे म्हणाली की आपल्या छातीत धस्स होते. गर्दीची लोकल, अंधार, वाईट संगत, सारे डोळ्यांपुढे येते. मग आपण तासातासाला फोन करतो. तिच्या मैत्रिणी आपण निवडतो, शिक्षणाची शाखाही आपणच ठरवतो. ती कुरकुरली की आपल्याला ती कृतघ्न वाटते. आईबापांचा मान राखा, ही चौथी आज्ञा आपण तिला ऐकवतो. पण मुलांची ही ओढ म्हणजे खरोखर आज्ञाभंग आहे का?

संत थॉमस अक्वायनस यांच्या घरीही हाच प्रश्न उभा राहिला होता. थॉमसने मोन्ते कासिनोच्या नामांकित मठाचे मठाधिपती व्हावे, अशी घरच्यांची इच्छा होती. त्यांनी मात्र भिक्षेवर जगणारा डोमिनिकन संघ निवडला. १२४४ साली भावांनी त्यांना वाटेत पकडून आणले आणि घरच्यांनी त्यांना सुमारे वर्षभर किल्ल्यात अडकवून ठेवले. थॉमस बधले नाहीत. अखेर घरच्यांनाच त्यांना जाऊ द्यावे लागले.

पुढे ‘सुम्मा थिओलॉजिका’ या ग्रंथात त्यांनी दोन्ही बाजूंना न्याय दिला. मुलाला स्वतःची समज येईपर्यंत ते आईबापांच्या छायेत, जणू दुसऱ्या गर्भाशयातच असते, असे ते मानतात. पण लग्न करावे की ब्रह्मचर्य पाळावे, अशा निर्णयात आईबापांची आज्ञा मुलांवर बंधनकारक नाही, असेही ते सांगतात.

गर्भाशयाची ही उपमा आपण मनात घोळवू या. बाळाला त्याहून सुरक्षित जागा नाही. पण दिवस भरल्यावरही बाळ आतच राहिले, तर आई आणि बाळ दोघांच्याही जिवाला धोका असतो. आपल्या काळजीचेही असेच दिवस भरतात. ज्याला कधी निवडूच दिले नाही, त्याच्या हातून चूक होत नाही हे खरे. पण चांगले वागणेही त्याचे स्वतःचे होत नाही. आज त्याच्या वतीने आपण ‘नको’ म्हणतो. उद्या परगावी, हॉस्टेलवर, ते कोण म्हणेल?

मुलांनीही ध्यानात घ्यावे: सातला येतो म्हटले तर सातला यावे, उशीर होणार असेल तर आधी कळवावे. विश्वास असाच वाढतो.

या आठवड्यात एक तरी निर्णय आपण मुलांच्या हाती देऊ या. काळजी वाटेलच. ती परत आली की चौकशीआधी जेवायला वाढू या.