मुलांसाठीं केलेली कला उणी काय?

मुलांसाठीं केलेलें काम मोठ्यांसाठीं केलेल्या कामापेक्षां हलक्या प्रतीचें असावयाचेंच, अशी एक समजूत सुशिक्षित समाजांत रूढ आहे. ती कितपत न्याय्य आहे, याचा विचार एका जपानी संगीतकाराच्या कारकीर्दीच्या आधारें करावा असें आम्हांस वाटतें.

शुन्सुके किकुची यांचा जन्म १९३१ सालीं उत्तर जपानांतील हिरोसाकी येथें झाला. १९६९ मध्यें 'टायगर मास्क', १९७१ मध्यें 'कामेन रायडर', १९७९ मध्यें 'डोरेमॉन' आणि १९८६ मध्यें 'ड्रॅगन बॉल' या दूरचित्रवाणीवरील मालिकांना त्यांनीं संगीत दिलें. २०२१ सालीं ते निवर्तले. डोरेमॉन आज आपल्याकडील मुलांच्याही ओळखीचा आहे. किकुचींचें नांव मात्र त्यांच्या आईबापांनाही बहुधा ठाऊक नसतें.

या कामाची रीत ध्यानांत घेण्याजोगी आहे. अशा मालिकांत प्रत्येक भागासाठीं नवें संगीत सहसा रचीत नाहींत. भय, आनंद, विरह, धांदल अशा प्रसंगांना शोभतील असे लहान लहान तुकडे आधींच ध्वनिमुद्रित करून ठेवतात, आणि पुढें त्यांतून योग्य तो तुकडा निवडणारा मनुष्य निराळाच असतो. म्हणजे दुःख कोणाचें, हें कळण्यापूर्वींच संगीतकारानें तें स्वरांत उतरवावयाचें! अंगचोरपणास येथें केवढा वाव आहे! ऐकणारें मूल सहा वर्षांचें. तें ना टीका लिहिणार, ना तक्रार करणार.

कोणी म्हणतील, मग एवढा खटाटोप कशाला? आमच्या मतें, नेमका याचसाठीं. जाणत्या श्रोत्यास फसविणें कठीण. त्याच्यापुढें प्रामाणिक राहण्यांत विशेष पुण्य तें कोणतें? जो दाद देऊं जाणत नाहीं आणि मागूंही शकत नाहीं, त्याला उत्तम तेंच देणें, ही सचोटीची खरी कसोटी होय. हें काम धंद्याचें होतें, मुदतीच्या आंत उरकावयाचें होतें, हें आम्ही नाकारीत नाहीं. पण धंद्यांतच सचोटीची परीक्षा होते. 'डोरेमॉन'मध्यें किकुचींचें संगीत २००५ पर्यंत वाजत राहिलें. बालपणीं तें ऐकणारे कित्येक तोंवर स्वतः आईबाप झाले होते.

"मुलांनाच तर द्यावयाचें आहे," असें म्हणून खाऊ, पुस्तक किंवा उत्तर देतांना आपण किती वेळां हात आंखडतों, हें ज्यानें त्यानें आपल्या मनाशीं पहावें.