नावं कुणाची झाकायची?

रोजगाराच्या कामाचं मस्टर म्हणजे दिसायला अगदी रुक्ष कागद. मजुरांची नावं, पुढे दिवसांची घरं, शेवटी मजुरी आणि सही किंवा अंगठा. कचेरीत ते तपासणारा बघतो ती बेरीज. हजेरी गुणिले दर, जुळलं, की बिल मंजूर. खोटं मस्टर बेरजेत सहसा सापडत नाही, कारण ते करणारा हिशेबात पक्का असतो. त्याची चोरी असते नावांत. आणि नावं ओळखतो फक्त गाव.

राजस्थानातल्या मजदूर किसान शक्ती संघटनेने हे नेमकं हेरलं. डिसेंबर १९९४ मध्ये पाली जिल्ह्यातल्या कोटकिरान्यात त्यांनी पहिली जनसुनवाई भरवली. मिळवलेली कागदपत्रं लोकांसमोर मोठ्याने वाचायची, एवढंच या सभांचं तंत्र. नाव पुकारलं की गर्दीतून उत्तर यायचं: हा त्या कामावर गेलाच नव्हता, हा तर केव्हाच वारला. ज्यांना अक्षरओळख नव्हती त्यांनी लेखापरीक्षकांना न जमलेलं ऑडिट जागच्या जागी केलं. म्हणून तर १९९६ मध्ये ब्यावरला ४० दिवस धरणं धरलं गेलं ते कागदांच्या नकला मिळाव्यात यासाठी.

गुपित म्हटलं की आपल्याला फौजा आणि नकाशे आठवतात. १९२३ चा शासकीय गुपितांचा कायदाही त्याच धास्तीतून आला. पण दडवादडवीची ती सवय कचेऱ्यांना अशी लागली, की गावच्या बंधाऱ्याचं मस्टरही कपाटात कुलूपबंद. महाराष्ट्राने २००२ मध्ये आणि देशाने २००५ मध्ये माहिती अधिकाराचा कायदा करून हे कुलूप काढलं. केंद्राच्या कायद्यातलं माझ्या मते सर्वांत धीट कलम ६(२): अर्जदाराला 'कशाला हवी?' हे विचारायचंच नाही.

आता उलट बाजू. सत्येंद्र दुबे हा महामार्ग प्राधिकरणाचा अभियंता. सुवर्ण चतुष्कोनाच्या कामातल्या गैरव्यवहाराबद्दल त्याने २००२ मध्ये पंतप्रधान कार्यालयाला लिहिलं. स्वतःची ओळख वेगळ्या कागदावर दिली आणि ती गुप्त ठेवण्याची विनंती केली. ते पत्र त्याच्या नावासकट खात्याखात्यांतून फिरलं. नोव्हेंबर २००३ मध्ये गयेत त्याचा खून झाला. सीबीआयने तो लुटीचा प्रकार ठरवला. ते खरं मानलं तरी नाव फुटलं होतं ते फुटलंच होतं. जागल्यांच्या संरक्षणाचा कायदा २०१४ मध्ये मंजूर झाला, पण अजून लागू केलेला नाही.

म्हणजे जे नाव झाकायचं ते उघडं पडलं. आणि जी उघडी हवीत ती झाकण्याची सोय २०२३ च्या वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्याने करून ठेवली. माहिती अधिकाराच्या कलम ८(१)(ञ) मध्ये पूर्वी खासगी माहिती नाकारायलाही अटी होत्या: तिचा सार्वजनिक कामाशी संबंध नाही ना, ती दिल्याने खासगीपणावर विनाकारण घाला पडतो का, हे बघावं लागे. नव्या शब्दांत माहिती वैयक्तिक आहे, एवढं कारण पुरतं. मस्टरवरचं नाव वैयक्तिक नाही तर काय?

सरकार म्हणतं, कलम ८(२) शाबूत आहे. जनहित मोठं असेल तर माहिती मिळेलच. मिळेलही. पण मयत चुलत्याच्या नावावर कुणी मजुरी उचलली या शंकेने आलेल्या माणसाला आता मस्टर बघण्याआधीच जनहित पटवून द्यावं लागेल, आणि ते पटलं की नाही हे पहिल्यांदा ठरवणार त्याच कचेरीतला माहिती अधिकारी.