भाषा हे माहेर

श्रोतेहो, न्यूझीलंडातील माओरी लोकांत ‘फेनुआ’ असा शब्द आहे. त्याचा अर्थ भूमी, आणि बाळाची वारही! वार ते आपल्या भूमीतच पुरतात. शब्द गेला की हे नाते कोण सांगणार? शाळेत मायबोली बोलल्याबद्दल त्यांच्या मुलांना छड्या बसत. भाषा मरणपंथास लागली. तेव्हा १९८२ पासून आज्याआजोबांनी तान्ह्या लेकरांसाठी ‘भाषेची घरटी’ उभारली; १९८७ साली तिला राजमान्यता मिळाली.

आम्ही पाठशाळेत संस्कृत घोकले खरे. पण पंढरीला ‘माहेर’ म्हणताना डोळे भरतात, ते आईच्या मराठीमुळे. माउलींनी १२९० साली गीतार्थ मराठीत सांगितला, तेव्हाच तो बायाबापड्यांच्या ओठी आला. बाबांनो, नातवाला हरिपाठ यावा असे वाटते ना? मग आधी घरात त्याच्याशी मराठीत बोला. रामकृष्णहरि!