जखमी रानप्राण्यांवर दया: ऋण कीं दान?

गेल्या मकरसंक्रांतीच्या दुसऱ्या दिवशीं आमच्या रविवारच्या शाळेंतील एक मुलगा सदऱ्यांत गुंडाळून एक घार आमच्या ओट्यावर घेऊन आला. पतंगाचा मांजा तिच्या उजव्या पंखांत रुतून थेट हाडापर्यंत गेला होता. आम्हीं तो कात्रीनें कापून काढिला, जखमेंत हळद भरली, फडक्यानें पंख बांधला आणि चोच उघडून चमचा चमचा दूध तिच्या घशांत ओतलें. मग तिला टोपलीखालीं ठेविलें. दिवसभर गांवांतील मुलें येऊन टोपली उचलून पाहत आणि आम्हीही त्यांस पाहूं देत होतों, कारण मुलांच्या मनांत मुक्या जिवाविषयीं कळवळा उत्पन्न व्हावा हें चांगलेंच, असें आम्हांस वाटलें. तिसऱ्या रात्रीं घार मेली. मुलांनीं तिला आवारांत पुरलें. खरें सांगावयाचें तर त्या वेळीं आम्हांस दुःखाबरोबर थोडें समाधानही झालें, कीं आपल्याकडून करावयाचें तें आपण केलें.

महिनाभरानें तालुक्याच्या पशुवैद्यांची गांठ पडली तेव्हां हें समाधान गेलें. त्यांनीं सांगितलें कीं पक्ष्याच्या श्वासनलिकेचें तोंड जिभेच्या मुळाशींच असतें. चोच उघडून पातळ पदार्थ ओतला तर तो सहज फुप्फुसांत उतरतो. दूध तर पक्ष्यास पचतच नाहीं. शिवाय रानच्या पक्ष्यास माणसाचा चेहरा म्हणजे काळाचाच चेहरा. घडोघडी टोपली उचलणें म्हणजे घडोघडी त्यास मृत्यूची भीति दाखविणें होय. हवा येईल अशीं भोंकें पाडलेल्या अंधाऱ्या खोक्यांत निवांत ठेवून त्याच दिवशीं तिला जाणत्याकडे पोंचविलें असतें, तर ती कदाचित् वांचली असती. आणि १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याप्रमाणें वनखात्यास न कळवितां तिला घरांत ठेवण्याचा आम्हांस अधिकारही नव्हता. सारांश, ती घार मांजानें अर्धी मेली होती. उरलेली अर्धी आमच्या दयेनें मेली.

दया ही अंतःकरणाची वृत्ति आहे असें आपण नेहमीं बोलतों व तसा उपदेशही करितों. परंतु या प्रसंगानंतर आम्हांस असें वाटूं लागलें आहे कीं वृत्ति हा दयेचा फार थोडा भाग असावा. ज्यास आपण दया म्हणत होतों, तींत घारीपेक्षां आमचाच वांटा अधिक होता. मुलांनीं पाहावें, आम्हीं करावें, शेजाऱ्यांनीं बरें म्हणावें, आणि मध्यें ती मुकी घार.

मग हें काम नीट करणारे कोण आहेत याचा आम्हीं शोध केला. दिल्लींत नदीम शहजाद आणि महंमद सऊद या दोघां भावांनीं दोन दशकांहून अधिक काळ जखमी घारींची शुश्रूषा चालविली आहे. तरुणपणीं त्यांस एक जखमी घार सांपडली. ती पक्ष्यांच्या एका धर्मादाय रुग्णालयांत नेली असतां, घार मांस खाते, सबब तिला येथें ठेवितां येत नाहीं, असें उत्तर मिळालें. त्या भावांस शरीर कमावण्याचा नाद होता. त्या विषयाचीं मासिकें वाचून स्नायू व कंडरा यांची जी ओळख झाली होती, तिच्या बळावर त्यांनीं घारींचे तुटलेले पंख जुळविण्यास आरंभ केला. साबणाचा द्रव भरून ठेवण्याचीं उपकरणें बनविण्याचा त्यांचा धंदा. त्याच तळघरांत एका बाजूस कारखाना व दुसऱ्या बाजूस पक्ष्यांचा दवाखाना. २०१० सालीं त्यांनीं ‘वाइल्डलाइफ रेस्क्यू’ या नांवानें संस्था काढिली. शौनक सेन यांनीं त्यांच्यावर ‘ऑल दॅट ब्रीद्स’ हा चित्रपट केला व २०२२ सालीं त्याचा परदेशांत मोठा गौरव झाला, तेव्हां कोठें जगास त्या तळघराची माहिती झाली. तोंपर्यंत हजारों पक्षी तेथून उडून गेले होते.

ज्या रुग्णालयानें घार नाकारिली त्यास दोष देण्याची आमची इच्छा नाहीं. प्राणिमात्राची हिंसा करूं नये या व्रतानें जें रुग्णालय चालतें, त्यानें घारीसाठीं रोज मांस कोठून आणावें? त्यांची अडचण खरी आहे. परंतु तीमागें एक प्रश्न दडलेला आहे व तो आपल्याही घरांत दडलेला असतो: दयेस पात्र होण्याकरितां प्राणी निरुपद्रवी असला पाहिजे काय? कबुतर जखमी झालें तर आपण हळहळतों. घार जखमी झाली तर, ‘बरें झालें, कोंबडीचीं पिलें वांचलीं,’ असें म्हणणारे आमच्या मंडळींत पुष्कळ निघतील. लेवीय पुस्तकाच्या ११ व्या अध्यायांत घार अमंगळ पक्ष्यांत गणली आहे, असेंही एका वडील बंधूंनीं आम्हांस सुनाविलें. आम्हीं त्यांस एवढेंच म्हटलें कीं तो अध्याय कोणता पक्षी खाऊं नये हें सांगतो. कोणत्या पक्ष्याची जखम बांधूं नये हें सांगत नाहीं. घारीनें मांस खाणें हा तिचा अपराध नव्हे, आणि कबुतरानें दाणा टिपणें हें त्याचें पुण्यही नव्हे.

तरीही त्या तळघरांत जें घडतें त्याचा दुसरा भाग आम्हांस झांकून ठेवितां येत नाहीं. घारींस घालण्याकरितां तेथें म्हशीच्या मांसाचा खिमा करितात. म्हणजे एका मुक्या जिवावरची दया दुसऱ्या मुक्या जिवाच्या मरणावर उभी आहे. यास उत्तर काय? आम्हांस निर्णायक उत्तर सांपडलें नाहीं. इतकेंच दिसतें कीं घार रानांत असती तरी मांसच खाती. तिला बरी करणारा मनुष्य सृष्टींत नवीन हिंसा आणीत नाहीं, मात्र जी हिंसा आजवर त्याच्या दृष्टिआड चालली होती ती तो आपल्या हातानें करितो. असे हात घेऊन काम करणें हें स्वच्छ हात घेऊन दूर बसण्यापेक्षां आम्हांस अधिक प्रामाणिक वाटतें.

आतां मोठा आक्षेप. माणसें उपाशी असतां पक्ष्यांवर व श्वापदांवर पैसा कां खर्चावा? हा प्रश्न आम्हांस कोणा विद्वानानें नव्हे, तर जुन्नर तालुक्यांतील एका वस्तीवर राहणाऱ्या विधवा आजीबाईनें केला. तिची दुभती शेळी बिबट्यानें गोठ्यांतून नेली होती. ती म्हणाली, “पाळकसाहेब, माझी शेळी गेली तवा कागद करा, फोटू आणा, शिक्का आणा म्हनले. अन् त्यो वाघ हिरीत पडला तवा धा मानसं, गाडी अन् डाक्तर! मी हिरीत पडले तर येतील का वो?”

यावर तत्काळ बोलतां येईल असें आम्हांपाशीं कांहीं नव्हतें, आणि बोललों असतों तर तें उद्धटपणाचें झालें असतें. पुढें विचार करितां जें सुचलें तें असें. भिकाऱ्यास पैसा देणें हें दान आहे. आपण त्याचें कांहीं लागत नाहीं. परंतु आपल्या बैलगाडीखालीं एखाद्याचा पाय गेला तर त्याचा औषधोपचार करणें हें दान नव्हे, तें ऋण आहे. आणि मला दानधर्मास पैसा अपुरा पडतो ही सबब ऋणास चालत नाहीं. घारीचा पंख कापला तो मांजा माणसानें चढविलेला. राष्ट्रीय हरित लवादानें २०१७ सालीं नायलॉनच्या व कांचेची धार दिलेल्या मांजावर बंदी घातली, तरी तो संक्रांतीस विकला जातो आणि सण होऊन गेल्यावरही झाडांवर तसाच लोंबत राहतो, कारण तो कुजत नाहीं. बिबट्या ज्या विहिरीत पडला तिला कठडा नव्हता. ती विहीरही माणसाचीच. उलट पक्षीं, रानांत म्हातारपणानें खंगलेलें सांबर किंवा बहिरी ससाण्यानें पकडलेला पारवा यांच्या मध्यें पडण्याचें आम्हांस कांहीं कारण दिसत नाहीं. तेथें आपलें कांहीं देणें लागत नाहीं. ही रेषा सर्व ठिकाणीं स्पष्ट असते असें मात्र नाहीं.

जुन्नरचीच गोष्ट पाहा. धरणांचें पाणी आलें आणि जिरायत रानांत ऊस उभा राहिला. ऊस वर्ष-दीड वर्ष शेतांत असतो. त्यांत सावली, ओलावा व लपण मिळते, आणि वस्तीवर कुत्रीं, डुकरें, शेळ्या असतातच. बिबट्याची मादी त्यांतच वितें. तोडीचा हंगाम सुरू झाला म्हणजे कोयता चालतां चालतां पाचटांत मांजरीएवढीं पिलें दिसतात. पूर्वीं लोक तीं उचलून घरीं आणीत; कोणी फोटो काढी, कोणी दूध पाजी (आमच्यासारखेच!), आणि इकडे मादी पिलें शोधीत वस्तीभोंवतीं फिरे. आतां वनखात्याचे लोक व माणिकडोहच्या बिबट निवारा केंद्रांत त्यांच्याबरोबर काम करणाऱ्या ‘वाइल्डलाइफ एस्ओएस’ या संस्थेचे पशुवैद्य येतात, पिलें तपासून गोचीड काढितात आणि सायंकाळीं जेथें सांपडलीं त्याच ठिकाणीं एका खोक्यांत ठेवून दूर जातात. कॅमेरा लावितात, माणूस जवळ ठेवीत नाहींत. बहुधा रात्रीं मादी येते, खोकें पाडते, आणि एकेक पिलूं मानेस धरून नेते. नाहीं आली तर दुसऱ्या रात्रीं पुन्हां ठेवितात.

या कामांत गोंजारणें नाहीं, नांवें ठेवणें नाहीं, पिलानें ओळखावें ही अपेक्षा नाहीं. जें पिलूं माणसास विसरत नाहीं तें रानास निरुपयोगी झालें. ज्यांनीं बोर्डिंगें व अनाथालयें चालविलीं त्या आम्हां लोकांस हें वाचून थोडें लाजल्यासारखें होतें. मुलानें आयुष्यभर आमचे उपकार आठवावे, वार्षिक सभेस येऊन चार शब्द बोलावे, अशी आमची फार अपेक्षा असते.

परंतु याच जुन्नरांत दयेची मोठी चूकही झाली, ती सांगणें अवश्य आहे. २००१ पासून पकडलेले बिबटे मारूं नयेत व गांवांतही ठेवूं नयेत म्हणून दूरच्या जंगलांत नेऊन सोडण्याचा क्रम सुरू झाला. त्यापेक्षां सौम्य उपाय कोणता? परंतु विद्या अत्रेय व त्यांचे सहकारी यांनीं २०११ सालीं प्रसिद्ध केलेल्या अभ्यासांत असें दाखविलें कीं २९ बिबटे सरासरी ३९.५ किलोमीटर दूर नेऊन सोडल्यावर माणसांवरील हल्ले वर्षास सरासरी ४ होते ते १७ झाले, आणि त्यांत प्राणघातक हल्ल्यांचें प्रमाण दुपटीनें वाढलें. जनावर अनोळखी मुलुखांत, पिंजऱ्याच्या त्रासानें बिथरलेलें. त्याचें शासन तेथल्या लोकांस झालें. आम्हीं आपल्या दारचें संकट दयाबुद्धीनें उचललें आणि तें शेजाऱ्याच्या दारीं नेऊन ठेविलें. ज्यांचीं मुलें त्यांत गेलीं त्यांस, हें सर्व भूतदयेनें झालें, असें कोण सांगणार?

म्हणून कांहीं बिबटे सोडतां येत नाहींत. कोणाचा पाय सांपळ्यांत गेला, कोणाची दृष्टि गेली, कोणी मनुष्यावर हल्ला केला, आणि कांहींचा दोष इतकाच कीं ते दिसले व लोकांनीं पिंजरा मागितला. असे पुष्कळ माणिकडोहास पिंजऱ्यांत आयुष्य काढितात. रोज मांस, रोज सफाई, औषध, आणि हा खर्च दहा-पंधरा वर्षें चालावयाचा. यापेक्षां त्यांस वेदनेवांचून मरण देणें अधिक दयेचें नव्हे काय, असें विचारणारे लोक निर्दय नसतात. ज्या प्राण्यास असह्य वेदना आहेत व जो बरा होण्याची आशा नाहीं, त्याच्याविषयीं आम्ही त्यांच्याशीं सहमत आहों. पशुवैद्याची ती सुई हीही शुश्रूषाच. परंतु जो केवळ आमच्या सोयीसाठीं पिंजऱ्यांत आला, तो खातो फार म्हणून त्यास मारणें हें आमचें मन घेत नाहीं. पिंजरा हें त्याचें सुख आहे असें आम्ही म्हणत नाहीं. ऋण फेडतां आलें नाहीं, निदान व्याज तरी चालूं ठेवावें, इतकेंच.

फाल्गुनांत त्या वस्तीवर पुन्हां जाण्याचा योग आला. शेजारच्या फडांत दोन बछडे सांपडले होते व रात्रीं मादीनें नेले होते, ही वार्ता आम्हींच आजीबाईस सांगितली. तिनें विचारिलें, “दोनी नेली?” आम्हीं होय म्हटलें. ती बराच वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, “माज्या शेळीचीबी दोनच करडं हुती. बाटलीनं पाजली. एक जगलं.” तिनें तें करडूं आम्हांस दाखविलें. नुकसानभरपाईचा तिचा कागद अजून तालुक्यांतच आहे. त्याकरितां आमचे एक वडील बंधू येत्या सोमवारीं तिच्याबरोबर जाणार आहेत.

आमच्या मंडळ्यांत ऊसतोडीस जाणारे व मळे असणारे पुष्कळ आहेत, त्यांच्याकरितां दोन शब्द. बछडे दिसले तर हात लावूं नये, तोड थांबवावी, मुलांस दूर न्यावें व वनखात्यास १९२६ या क्रमांकावर कळवावें. बिबट्या विहिरीत पडला असल्यास दगड मारूं नयेत. वनखात्याचे लोक येईपर्यंत दोराला बाज बांधून खालीं सोडावी म्हणजे तो तीवर बसून दम घेतो. पक्षी सांपडल्यास खोक्यांत, अंधारांत ठेवावा. दूध पाजूं नये.