उरले म्हणून वाटले

२०२५च्या जून महिन्यात देशाच्या सरकारी साठ्यात, न भरडलेला भात हिशेबात धरून, सुमारे ५.९ कोटी टन तांदूळ होता. १ जुलैला निदान १.३५ कोटी टन तांदूळ हाताशी असावा, असा सरकारचाच दंडक आहे. म्हणजे साठा दंडकाच्या चौपटीहून अधिक. नवे पीक येण्याआधी कोठारे मोकळी करायची म्हणून त्या हंगामात ५२ लाख टन तांदूळ इथेनॉलसाठी देण्याचे ठरले, साडेबावीस रुपये किलोने. आणि राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत, २०१९ ते २१ या काळात, एकट्या महाराष्ट्रात पाच वर्षांखालच्या १०० मुलांपैकी ३५ मुलांची उंची वयाच्या मानाने खुंटलेली आढळली होती.

हे आकडे शेजारी ठेवले की पहिला संताप येतो तो 'वाटून का टाकत नाहीत' असाच. तो रास्त आहे, पण अपुरा आहे. मुलाची वाढ खुंटण्याची कारणे अनेक असतात. त्यातले ताटाशी संबंधित कारण बघितले, तर भाताच्या कमतरतेपेक्षा डाळ, तेल, दूध, अंडे, भाजी ताटात नसणे मोठे आहे. या वस्तू रेशनच्या कोठारात नसतात, कारण कोठार भरताना त्या ताटाचा विचार कुणी केलेलाच नसतो. आधी खरेदी होते, मग शिल्लक पडते, मग ती कुठे खपवायची याची चिंता सुरू होते आणि त्या चिंतेच्या अखेरीस गरीब माणूस आठवतो. हा क्रम उलटा आहे. तो सुलटा झाल्याखेरीज अन्नवाटपाच्या कुठल्याही योजनेला मी न्याय म्हणायला तयार नाही.

मागे वळून पाहा. २००१मध्ये साठा सहा कोटी टनांच्या घरात गेला होता. राजस्थानात दुष्काळ होता, गोदामांबाहेर ताडपत्रीखाली पोती भिजत होती आणि माणसे उपाशी होती. पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज ही संघटना त्यावरून सर्वोच्च न्यायालयात गेली. त्याच सुमारास सरकार निर्यातदारांना गहू देत होते, तो दारिद्र्यरेषेखालच्या कुटुंबांना लावलेल्या दराच्या आसपास. परदेशात तो कुणाच्या पोटात जातो, माणसाच्या की जनावराच्या, हे पाहण्याचे कारण उरले नव्हते; गोदाम रिकामे होत होते, तेवढे पुरे होते. पुढे ऑगस्ट २०१०मध्ये न्यायालयाने सांगितले की धान्य कुजू देण्यापेक्षा भुकेल्यांना फुकट द्या. तेव्हाचे कृषिमंत्री शरद पवार यांनी हे शक्य नसल्याचे म्हटले, तेव्हा ही सूचना नव्हती, आदेश होता, असे न्यायालयाला पुन्हा बजावावे लागले. तरीही चर्चेचा विषय धान्य कुजण्याचा राहिला, उपाशी माणसाचा झाला नाही. पोती सुकी राहिली असती तर कदाचित कुणी तोंडही उघडले नसते.

याच्या उलट प्रसंग २०२२चा. उन्हाळा लवकर तापला, बाजारभाव चढले आणि गव्हाची सरकारी खरेदी आदल्या वर्षीच्या ४३३ लाख टनांवरून १८८ लाख टनांवर आली. लगेच मे महिन्यात अनेक राज्यांच्या रेशनमधला गहू कमी करून त्या जागी तांदूळ आला. महाराष्ट्रही त्यात होता. पोळी खाणाऱ्या घराने अचानक भात खायचा, कारण गोदामात गहू नाही आणि तांदूळ आहे. महिन्याला माणशी पाच किलोचे पाच किलो कायम राहिले, म्हणून कागदावर कुणाचेच काही हिरावले गेले नाही.

शिलकीचे अन्न ज्याला खावे लागते त्याच्यावर काय गुदरते, हे महाराष्ट्राला नव्याने सांगण्याची गरज नाही. १९७२च्या दुष्काळात अमेरिकेतून आलेली लाल मिलो ज्वारी खाल्लेली माणसे अजून आपल्यात आहेत. तिकडे ती जनावरांच्या खाद्यासाठी पिकत असे. खडी फोडायच्या कामावर सुकडी वाटली जाई. त्या अन्नाने जीव वाचले, हे कृतज्ञतेने सांगितलेच पाहिजे. पण दुष्काळातली तडजोड ही पन्नास वर्षांनंतरच्या सुकाळाची रीत होऊन बसावी, हे कसे मान्य करायचे?

आता मराठवाड्यातल्या रेशन दुकानात जाऊन उभे राहा. बाई पिशवी घेऊन रांगेत आहे. पॉस मशीनवर अंगठा ठेवते, यंत्र नाकारते. ऊसतोडीने आणि माती-धोंड्याच्या कामाने बोटांच्या रेषा झिजल्या आहेत. पदराला बोट पुसून ती पुन्हा ठेवते, मग दुसऱ्या हाताचे. अखेर पावती निघते. तांदूळ पिशवीत पडतो. घरी आल्यावर ती तो सुपात घेऊन वेगळे दिसणारे दाणे वेचून टाकते, कारण ते 'प्लास्टिकचे' आहेत असे गावात सगळे म्हणतात. ते लोह आणि जीवनसत्त्वे घातलेले पोषणयुक्त दाणे आहेत, शंभरात एक या प्रमाणात मुद्दाम मिसळलेले, हे तिला पटेल असे कुणी समजावून सांगितलेले नाही. म्हणजे तिच्या अंगातले रक्त वाढावे म्हणून जो दाणा घातला, तोच उकिरड्यावर जातो. मग दोन दिवसांनी तराजू लावलेला टेंपो गल्लीत येतो, 'रेशनचा तांदूळ द्या' अशी हाळी देतो आणि तिच्या घरातला निम्मा तांदूळ पडेल भावात त्याच्या पोत्यात जातो. त्या पैशांतून ती ज्वारी आणते, जमले तर पावशेर तुरीची डाळ.

यावर शहरातल्या दिवाणखान्यात जो निवाडा होतो तो ठरलेला आहे: 'फुकट मिळालेले विकतात, यांना गरजच नाही.' या वाक्याइतके निर्दय वाक्य मी क्वचित ऐकले असेल. त्या बाईला गरज आहे, म्हणूनच ती विकते. भाकरीवर वाढलेल्या, भाकरीवर कष्ट करणाऱ्या घरात ती आपल्या परीने सरकारची चूक दुरुस्त करते आणि त्या दुरुस्तीची किंमत स्वतःच्या पदरची मोजते. गोंदिया-भंडाऱ्याला किंवा कोकणात तांदूळ मिळाला तर तो घरातच शिजतो. सोलापूर, बीड, मेळघाट इथे तोच तांदूळ टेंपोत का जातो, याचे उत्तर माणसांच्या नीतीत शोधायचे नसते.

आपल्या घरांत आपण पाहुण्याला वाढतो आणि दारी आलेल्याला उरलेले देतो. दोघांचेही पोट भरते. पण पाहुण्यासाठी स्वयंपाक करताना त्याला काय आवडते, काय चालते, हे आधी विचारले जाते. नागरिक हा राज्याच्या दारी आलेला याचक नाही. २०१३च्या राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायद्याने धान्य हा त्याचा हक्क ठरवला, ग्रामीण भागातल्या ७५ टक्के आणि शहरी भागातल्या ५० टक्के लोकांपर्यंत. कायदा बदलला, वाढण्याची वृत्ती मात्र तीच राहिली.

आपल्याकडे दामाजीपंतांची कथा घराघरात सांगितली जाते. मंगळवेढ्याचे हे अधिकारी. दुष्काळात बिदरच्या बादशहाचे कोठार त्यांनी रयतेला खुले केले आणि विठू महाराच्या रूपाने पांडुरंगाने त्याची भरपाई केली, अशी ती कथा. दामाजींनी शिल्लक वाटली नव्हती. कोठारात किती जास्त आहे हे मोजून त्यांनी दार उघडले नव्हते. समोर किती माणसे उपाशी आहेत हे पाहून उघडले. त्याच मंगळवेढ्याच्या ज्वारीला २०१६मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. आणि त्याच पट्ट्यातल्या गरिबाला कायमचे रेशन म्हणून मिळतो तो परराज्यातून वॅगन भरून आलेला तांदूळ आणि गहू. दामाजींच्या नावाने कीर्तन करणाऱ्या समाजाने यावर कधी आवाज उठवला?

हा प्रश्न जितका खाणाऱ्याचा, तितकाच पिकवणाऱ्याचा आहे. पंजाब, हरियाणा, तेलंगण, छत्तीसगड इथल्या भाताला सरकारी खरेदीची खात्री आहे, आणि ती असावीच. त्या शेतकऱ्यांचे काही काढून घ्यावे असे माझे म्हणणे नाही. पण सोलापूरच्या ज्वारीचा हमीभाव वर्तमानपत्रात छापून येतो आणि खरेदी केंद्र वेळेवर उघडत नाही. ज्वारीचा पेरा वर्षानुवर्षे का घटत गेला याची कारणे अनेक आहेत, त्यातले एक मोठे कारण हे आहे: सरकारने तिला ना कोठारात जागा दिली, ना रेशनच्या तराजूवर. शेतकरी ऊस आणि सोयाबीनकडे वळला. त्याच्या मागोमाग कडबा गेला, आणि कडब्यावर जगणारी जनावरेही.

तुरीचे उदाहरण तर बोलके आहे. २०१६-१७मध्ये तूर उदंड पिकली. बोनस धरून ५,०५० रुपये क्विंटल हमीभाव होता, बाजार त्याच्या बराच खाली गेला आणि खरेदी केंद्रांपुढे ट्रॅक्टरच्या रांगा लागल्या. राज्याने खरेदी केलेली तूर मग भरडून डाळ केली आणि ती रेशनवर आली, पुढे ३५ रुपये किलोपर्यंत खाली. म्हणजे डाळ रेशनवर देता येते, हे सिद्ध झाले. शेतकऱ्याकडून घेता येते, भरडता येते, पोचवता येते. साठा संपला आणि डाळ बंद झाली. ज्या कुटुंबांनी ती नेली होती त्यांची प्रथिनांची गरज साठ्याबरोबर संपली होती काय?

अंड्याचेही तेच. नोव्हेंबर २०२३मध्ये शालेय पोषण आहारात आठवड्याला एक अंडे, न खाणाऱ्यांना केळे, असा चांगला निर्णय झाला. जानेवारी २०२५मध्ये त्यासाठीचा राज्याचा निधी थांबला आणि शाळांनी लोकसहभागातून सोय करावी, असे सांगण्यात आले. ज्या वाडीवस्तीवरच्या मुलांना अंडे सर्वांत गरजेचे, तिथल्या लोकांनी वर्गणी कुठून काढायची?

आणि मराठवाडा, अमरावती विभाग व वर्धा मिळून १४ जिल्ह्यांतल्या केशरी कार्डधारक शेतकरी कुटुंबांचे काय झाले, तेही पाहा. आत्महत्यांनी पोळलेला हा प्रदेश म्हणून २०१५पासून त्यांना माणशी पाच किलो धान्य दोन-तीन रुपये दराने मिळत होते. मग केंद्राच्या साठ्यातून त्या योजनेसाठी धान्य मिळणार नाही, असे राज्याला कळले, आणि २०२३मध्ये धान्याच्या जागी महिन्याला माणशी १५० रुपये आले; नंतर ते १७० झाले. दोनच वर्षांनी तांदूळ कोठारात मावेनासा झाला, पण इथेनॉल कारखाने आठवले तेव्हाही या कुटुंबांची आठवण झाली नाही. १७० रुपयांत एका माणसाचे महिन्याचे धान्य येते का, हे शासन निर्णयावर सही करणाऱ्याने एकदा किराणा दुकानात जाऊन विचारावे.

'फुकट खाऊन लोक आळशी होतात,' असा आक्षेप हमखास येतो. पाच किलोत माणसाचा महिना भागत नाही. जेमतेम दहा-बारा दिवस निघतात. उरलेल्या दिवसांसाठी राबावेच लागते. उलट घरात धान्य असले की मजूर पडेल त्या मजुरीला 'नाही' म्हणू शकतो, मुकादमाकडून उचल थोडी कमी घेतो. हीच गोष्ट काहींना खुपते, एवढे मात्र खरे.

दुसरा आक्षेप अधिक प्रामाणिक आहे: ज्वारी-बाजरी तांदळासारखी वर्षानुवर्षे टिकत नाही, तिला कीड लवकर लागते. खरे आहे. म्हणूनच ती दूरच्या गोदामात वर्षभर ठेवायची नसते. तालुक्यात घ्यायची आणि त्याच जिल्ह्यात काही महिन्यांत वाटायची असते. सोलापूरची हद्द ओलांडली की कर्नाटक लागते. तिथे उत्तरेकडे ज्वारी आणि दक्षिणेकडे नाचणी रेशनवर दिली जाते. ओडिशाने २०१७पासून नाचणीची मोहीम हाती घेतली, डोंगराळ भागातल्या आदिवासी शेतकऱ्यांकडून ती हमीभावाने घेतली आणि रेशन, अंगणवाडीपर्यंत नेली. आपल्याकडेही अधूनमधून गव्हाऐवजी ज्वारी आली आहे, पण तीही मोठी खरेदी होऊन पडली म्हणून. पुढच्या महिन्यात येईल का, हे दुकानदारालाही सांगता येत नाही.

आणखी एक गोष्ट, जिच्याबद्दल फार कमी बोलले जाते. महाराष्ट्राला अन्न सुरक्षा कायद्याखाली सुमारे ७ कोटी लाभार्थ्यांची मर्यादा आहे आणि ती २०११च्या जनगणनेवर बेतलेली आहे. त्यानंतर किती मुले जन्मली, किती घरे विभक्त झाली, किती जण पुणे-भिवंडीच्या कारखान्यांकडे गेले! तहसीलच्या पुरवठा शाखेत नाव घालायला गेलेल्या माणसाला 'इष्टांक पूर्ण झालाय' एवढेच ऐकावे लागते. कोठारात दंडकाच्या चौपट तांदूळ आणि खिडकीवर इष्टांक पूर्ण. नवी जनगणना होईपर्यंत थांबा, असे सांगणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावे की मुलाच्या वाढीची पहिली दोन-तीन वर्षे जनगणनेसाठी थांबत नाहीत.

मार्ग सरकारच्याच हातात आहे, पण सुरुवात गावातून होऊ शकते. रेशन दुकानासाठी दक्षता समिती असते. बहुतेक गावांत तिचे सदस्य कोण हे कुणालाच माहीत नसते. ते विचारावे. रब्बी ज्वारीची पेरणी सप्टेंबर-ऑक्टोबरात होते आणि २ ऑक्टोबरला ग्रामसभा असते. त्या सभेत गावाने आपली गरज मांडावी: आमच्याकडे पिवळी आणि केशरी मिळून इतकी कार्डे, नाव न लागलेली इतकी माणसे, पाच वर्षांखालची इतकी मुले, आम्हाला महिन्याला इतकी ज्वारी, इतकी डाळ हवी आणि त्यातली इतकी आमच्याच शिवारात पिकते. ठरावाची प्रत तहसीलदारांना, जिल्हा पुरवठा अधिकाऱ्यांना आणि आमदारांना जावी. तालुक्यातल्या पन्नास गावांचे असे ठराव गेले, तर पेरणीच्या वेळीच खरेदीचा आकडा आणि केंद्राची तारीख मागता येईल. ज्वारी फेब्रुवारी-मार्चमध्ये खळ्यावर येते. देणेकऱ्याला ती तेव्हाच विकावी लागते, मे महिन्यात उघडलेल्या केंद्राचा त्याला काही उपयोग नाही.