क्षयाचा वेग

अशा एका विश्वाची कल्पना करू, जिथे भौतिकशास्त्राच्या पाठ्यपुस्तकात एक जादा नियम छापलेला आहे: कोणतीही वस्तू किती वेगाने झिजेल, हे ती वापरणाऱ्याच्या पूर्वजन्मीच्या पापपुण्यावर ठरतं. तिथे पुण्यवंताच्या घराची तुळई दोनशे वर्षं टिकते, पाप्याची दोन पावसाळ्यांत कुजते. तिथल्या अभियंत्याला लोखंड तपासायची गरज नाही. भाडेकरूचं संचित वाचता आलं की पुरे. ज्याचं शरीर लवकर खंगतं त्याला औषध देणं म्हणजे चालू न्यायात ढवळाढवळ. या विश्वात तर्काची चूक सापडत नाही. उलट ते आपल्या विश्वापेक्षा अधिक नीतिमान वाटतं, कारण तिथे काहीही विनाकारण मोडत नाही. हा नियम कल्पित आहे, पण त्यावर श्रद्धा ठेवून जगणारी माणसं कल्पित नाहीत. दुसऱ्याचं दारिद्र्य किंवा आजारपण पाहून ‘भोग आहेत’ असं म्हणणारा प्रत्येक जण त्याच पाठ्यपुस्तकातून बोलत असतो. ही श्रद्धा धर्माला शोभते का? माझ्या मते नाही. क्षयाला माणसामाणसांत फरक करता येत नाही म्हणूनच करुणेला काही काम उरतं.

हा प्रश्न सर्वांत थेट विचारणाऱ्या डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या आयुष्याचा मोठा काळ मुंबईत परळच्या पोयबावडीतल्या बीआयटी (बॉम्बे इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट) चाळीत गेला. पुढे दादरच्या हिंदू कॉलनीत ‘राजगृह’ उभं राहिलं, आणि डिसेंबर १९५६ मध्ये दादरच्याच चौपाटीवर त्यांच्यावर अंत्यसंस्कार झाले. ‘द बुद्ध अँड हिज धम्म’ हा त्यांचा ग्रंथ १९५७ साली, त्यांच्या पश्चात प्रसिद्ध झाला. अनित्यता आणि पूर्वकर्म या दोन कल्पना त्यांनी त्यात एकमेकींपासून सोडवल्या. अनित्यता त्यांना पूर्ण मान्य होती: घटकांनी बनलेलं ते विघटित होणार, माणूस क्षणोक्षणी बदलत राहणार, आणि हा बदल नसता तर जीवनाची वाढच खुंटली असती. शून्यतेचा अर्थही त्यांनी अभाव असा न लावता सतत चाललेला बदल असा लावला. मात्र मागच्या जन्माचं कर्म या जन्मीची हलाखी ठरवतं, हे त्यांनी नाकारलं. दीनदुबळ्यांच्या स्थितीची जबाबदारी राज्याने आणि समाजाने झटकावी, याखेरीज त्या सिद्धान्ताचा दुसरा हेतू त्यांना दिसला नाही. लहानपणी शाळेतल्या पाण्याच्या भांड्याला ज्याला हात लावू दिला जात नव्हता, त्याने काढलेला हा निष्कर्ष आहे.

पूर्वकर्म हलाखी ठरवत नाही, याचा पडताळा परळमध्येच पाहता येतो. १८९६ साली मुंबईच्या मांडवी भागात प्लेग उसळला तेव्हा दैवी कोपाची भाषा सर्वत्र होती. जंतू दोनच वर्षांपूर्वी हाँगकाँगमध्ये सापडला होता. १८९८ मध्ये उंदरावरच्या पिसवेकडे बोट दाखवलं गेलं. १८९९ मध्ये प्लेगची लस बनवणाऱ्या हाफकिन यांची प्रयोगशाळा परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाउसमध्ये आली. रोग गर्दीच्या, अंधाऱ्या खोल्यांतून आणि धान्याच्या कोठारांतून फिरला, संचिताच्या वहीतून नाही. बीआयटी चाळी बांधणारा इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट १८९८ साली स्थापन झाला तो याच साथीमुळे. त्या चाळींबद्दल कितीही तक्रारी असोत, हवा आणि उजेड यांनी मृत्यू टळू शकतो हे गृहीत धरूनच त्या बांधल्या गेल्या, आणि कल्पित विश्वात हे गृहीतकच खोटं ठरलं असतं. परळमध्येच १९४१ साली टाटा मेमोरियल रुग्णालय सुरू झालं. कर्करोगाच्या किरणोपचारात जगभर वापरल्या गेलेल्या कोबाल्ट-६० चं अर्धायुष्य सुमारे सव्वापाच वर्षांचं; तेवढ्या काळात त्यातल्या निम्म्या अणूंचा क्षय होतो. त्याला तापवा, गोठवा, दाबाखाली ठेवा, हा वेग बदलत नाही. यंत्राखाली झोपलेला रुग्ण कोण, त्याची जात कोणती, त्याने कोणाला फसवलं, याचाही वेगावर परिणाम होत नाही, आणि नेमकं म्हणूनच डॉक्टरला किरणांची मात्रा मोजता येते. अणूंनी माणूस बघून न्याय करायला सुरुवात केली, तर उपचार नावाची गोष्टच अशक्य होईल.

यावर एक गंभीर आक्षेप येतो. निसर्ग इतका आंधळा असेल तर नीतीला आधार कुठला? दुर्जन सुखात मरतो, सज्जन हाल सोसतो. निदान जन्मांतरी तरी हिशेब चुकता व्हायला नको का? या आक्षेपामागची न्यायाची ओढ खरी आहे आणि तिला हसण्यावारी नेऊ नये. पण हा हिशेब कोणालाच तपासता येत नाही. सुख आलं तर पुण्य, दुःख आलं तर पाप, असं प्रत्येक घटनेनंतर जुळवता येणारं स्पष्टीकरण काहीच स्पष्ट करत नाही. आणि ते ज्याला दिलासा देतं तो बहुधा सुखवस्तू असतो. आंबेडकरांनी कर्म हा शब्द टाकला नाही. जगातली नैतिक व्यवस्था माणसांच्या कृतीवर चालते, असा त्याचा अर्थ त्यांनी घेतला. म्हणजे हिशेब चुकता करायचं काम पुढच्या जन्माकडून काढून आपल्याकडे दिलं.

पाली ग्रंथांचा अभ्यासक म्हणेल की हा सोयीचा अर्थ आहे. मज्झिम निकायातल्या चूळकम्मविभंग सुत्तात अल्पायुष्य, रोग, दारिद्र्य यांचं कारण पूर्वीच्या कर्मात सांगितलं आहे, हे खरं. पण संयुत्त निकायात सीवक नावाच्या परिव्राजकाला बुद्ध सांगतात की वेदना पित्त, कफ, वात, ऋतुबदल, आघात यांमुळेही होतात, आणि सगळं पूर्वकर्माचंच फळ मानणारे अनुभवाच्या पलीकडे जातात. परंपरेत दोन्ही स्वर आहेत. त्यांतला कोणता निवडायचा, हा प्रश्न नुसत्या पोथीने सुटत नाही, आणि आंबेडकरांनी निवड उघडपणे केली याचं मला मोल वाटतं.

त्यांचा एक युक्तिवाद मात्र मला पुरेसा भक्कम वाटत नाही. पुनर्जन्माचा अर्थ लावताना त्यांनी ऊर्जा नष्ट होत नाही या नियमाचा आधार घेतला: देहातली तत्त्वं आणि ऊर्जा विश्वातल्या साठ्यात मिसळतात, तिथून नवं जीवन घडतं. ऊर्जा टिकते हे बरोबर, पण तिची घडण टिकत नाही; उष्मागतिकीचा दुसरा नियम हेच सांगतो. जे मिसळलं त्यावर आधीच्या माणसाची सही नसते. आंबेडकर स्वतः त्याच आत्म्याचा पुनर्जन्म नाकारतात, त्यामुळे ही उणीव त्यांच्या मूळ मुद्द्याला धक्का लावत नाही. उलट तो बळकट होतो: सहीच उरत नसेल तर मागचं कर्ज वसूल कोणाकडून करणार?

शेवटचा आक्षेप वैराग्याचा आहे. सगळं जाणारच, तर डागडुजी कशाला? इथे दोन क्षय वेगळे ओळखायला हवेत. कोबाल्टचा वेग आपल्या हातात नाही. गिरगाव-लालबागच्या चाळीतली लोखंडी तुळई खाऱ्या हवेत गंजणार हेही नक्की, पण ती वीस वर्षांत गंजेल की ऐंशी, हे गच्चीतून पाणी झिरपू दिलं की नाही, रंग वेळेवर लागला की नाही, यावर ठरतं. १९४७ च्या कायद्याने मुंबईतली भाडी गोठवली, मालकांनी दुरुस्तीतून हात काढला, भाडेकरूंना ती परवडली नाही. राज्याने १९६९ च्या कायद्याने दुरुस्ती मंडळाची तरतूद केली, उपकर बसवला, आणि तरीही लाकडी टेकूंवर तोललेले सज्जे आजही या भागात दिसतात. इमारत कोसळली की ‘जुनी होती’ असं सांगितलं जातं. जुनं असणं अनित्यतेत मोडतं. गळतीची तक्रार वर्षानुवर्षं पडून राहणं अनित्यतेत मोडत नाही. त्या तक्रारीच्या कागदावर तारखा असतात, सह्या असतात, आणि चौकशी तिथूनच सुरू व्हायला हवी.