भाकरीचा ठेका

पहाटे साडेपाचला भालकीकडच्या आमच्या घरात जाग येते ती परातीच्या आवाजाने. आई ज्वारीची भाकर थापत असते. सुरुवातीच्या थापा जड आणि सुट्या. भाकर पसरत जाते तशी लय चढते, कडेकडेने बोटं धावू लागतात, आणि भाकर तव्यावर पडली की एकदम शांतता. नंतर पुन्हा पहिली थाप. तेवढ्यात मशिदीची बांग होऊन गेलेली असते, मठाच्या भोंग्यावर कानडी वचनं लागलेली असतात आणि ओसरीवर शेजारचे आजोबा हरिपाठ म्हणत बसलेले असतात.

आज हे सगळं ऐकताना बी. व्ही. कारंत आठवले.

संगीतकार आणि नाट्यदिग्दर्शक एकाच माणसात असे एकजीव झालेले क्वचित दिसतात. दक्षिण कन्नड जिल्ह्यातल्या मंची गावी १९२९ साली त्यांचा जन्म झाला. लहान वयात ते घर सोडून गुब्बी वीरण्णांच्या नाटक कंपनीत गेले. वीरण्णांनीच त्यांना शिकायला काशीला पाठवलं; तिथे हिंदीचा अभ्यास झाला आणि ओंकारनाथ ठाकुरांकडे गाणंही. पुढे दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय, भोपाळचं रंगमंडल, आणि १९८९ साली म्हैसूरचं रंगायण. आज रंगायणाची एक शाखा आमच्या कलबुर्गीतही आहे.

कंपनी नाटकाच्या पेटी-तबल्यावर वाढलेल्या या माणसाने नाटकाचं संगीत पेटीपुरतं राहू दिलं नाही. दगड, बांबू, पत्रा, नटाचा श्वास, घोळक्याचा हुंकार, जे हाताशी असेल त्यातून त्यांनी नाद काढला. शब्द संपले की गाणं सुरू, हा हिशेब त्यांनी मोडला. १९७९ साली त्यांनी ‘बरनम वन’ केलं. शेक्सपिअरचा मॅकबेथ, रघुवीर सहाय यांची हिंदी आणि अंगात कानडी यक्षगान! त्यात परकेपणा शोधणाऱ्यांना मी एवढीच आठवण करून देईन की, कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचा खेळ सांगलीत झाला, आणि त्यावरूनच विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली ‘सीतास्वयंवर’ उभं केलं. मराठी रंगभूमीच्या पायात कानडी घुंगरू पहिल्या दिवसापासून आहे.

जर्मनीत हायनर ग्योबेल्स नावाचे असेच एक संगीतकार-दिग्दर्शक आहेत. जन्म १९५२ चा, फ्रँकफुर्टला समाजशास्त्र आणि संगीत शिकलेले. २००७ साली आलेल्या त्यांच्या ‘श्टिफ्टर्स डिंगे’मध्ये रंगमंचावर एकही नट नाही. पाच पियानो आहेत, पण वाजवणारं कुणी नाही. पाणी आहे, पाऊस आहे, धुकं आहे, आणि जुन्या ध्वनिमुद्रणांतून येणारे दूरदेशीचे आवाज. माणूस बाजूला झाला की वस्तू बोलू लागतात, अशी ही श्रद्धा. कारंतांनी उलटं केलं, वस्तूंना नटाच्या हातात आणि गळ्यात आणलं. वाटा विरुद्ध दिशांच्या, तरी नाद हा शब्दांचा चाकर नव्हे, हे दोघांनीही मनापासून मानलं. मला कारंतांची वाट जवळची वाटते. पाच पियानो आमच्याकडे कुठून येणार? गळा आणि पत्र्याचा डबा मात्र प्रत्येक घरात आहे.

आमच्या बीदरमध्ये बिदरीकाम करणारे कारागीर किल्ल्यातली जुनी माती आणतात. ती नवसागरासोबत उकळून भांड्याला लावली की जस्ताचा धातू काळाभोर होतो आणि त्यावरची चांदीची तार उजळून निघते. ही माती डोळ्यांनी निवडत नाहीत. जिभेला लावून पारखतात. कारंतही समोर आलेली प्रत्येक वस्तू आधी वाजवून बघत असतील, असं मला नेहमी वाटतं.

कन्नड लेखिका वैदेहींनी शब्दांकित केलेल्या कारंतांच्या आत्मकथेचं नाव आहे ‘इल्लिरलारे, अल्लिगे होगलारे’. इथे राहवत नाही, तिथे जाववत नाही. हे नाव पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी बराच वेळ थांबलो होतो. आमच्या मुलखाचंही तसंच झालं. १९५६ साली भाषावार प्रांतरचनेत जुन्या बीदर जिल्ह्याचे उदगीर, निलंगा, अहमदपूर हे तालुके मुंबई राज्यात गेले आणि आम्ही म्हैसूर राज्यात आलो. सोयरीक होती तिथेच राहिली. घरात मराठी, कचेरीत कानडी, बाजारात दखनी. या तीन भाषांत जगताना आपण कुठलेच नाही, असं पुष्कळांना वाटतं, मलाही वाटायचं. कारंतांनी कन्नड, हिंदी आणि संस्कृत नाटकं केली, किनाऱ्यावरचं यक्षगान दिल्लीत नेलं, आणि जिथे गेले तिथल्या मातीचा आवाज आधी ऐकला. पोरक्यासारखं भटकणाऱ्या माणसाचे कान किती श्रीमंत होतात! हुमनाबादजवळ माणिकनगरला माणिक प्रभूंची पदं मराठीत गातात, कानडीत गातात, आणि ऐकणारा सगळ्यांवर सारखीच मान डोलावतो. असे कान या मुलखात पिढ्यान्‌पिढ्या तयार होत आले आहेत. कलबुर्गीच्या रंगायणात कुणी तरुण दिग्दर्शक कडक भाकर मोडल्याचा तो कोरडा कडाका एखाद्या प्रवेशात आणील, याची मी वाट पाहतो आहे.

भाकरी झाल्या. आईने परात धुऊन भिंतीला टेकवली. मी परातीच्या पाठीवर हळूच एक टिचकी मारली. पितळ बराच वेळ घुमत राहिलं.